तिसऱ्या पानावरचं वाक्य

नावडे,
४ जून २०२५

चि. धनेश यास,
ताईचे अनेक आशीर्वाद.

फोनवर तू मला मधेच तोडतोस, म्हणून लिहितेय. माझ्या चार मजली इमारतीवर बांधकाम कामगारांच्या कल्याणाचा सेस भरायची नोटीस आली, तेव्हा तू म्हणालास, सगळे घरमालक मिळून कोर्टात जातोय, तूही ये. मी हो म्हटलं. पण सहीला प्रतिज्ञापत्राचं शेवटचंच पान पाठवलंस. बाकीची कुठायत?

दुसरं म्हणजे, काल सखू आली होती. तिचा नवरा गोटीराम मार्चमध्ये माझ्या इमारतीचं काम चालू असताना दुसऱ्या मजल्यावरून पडून वारला. बांधकाम कामगारांच्या कल्याण मंडळाकडे त्याची नोंदणी होती. मंडळाची मदत मिळायला तो माझ्याकडे कामाला होता असा दाखला ती मागते. तुला सांगितलं तर तू फोनच ठेवलास. का रे?

सुमेधा आणि तुमची पोरं खुशाल ना? राग मानू नकोस.
तुझी,
सरस्वतीताई

द्रोणागिरी,
९ जून

ती. ताईस,
धनेशचा शि. सा. नमस्कार.

लहानपणी माझं दप्तर तपासायचीस, अजून सवय गेली नाही तुझी. बाकीची पानं नुसती कायद्याची भाषा, तुला झोप येईल. सही करून पाठव, तारीख जवळ आलीय.

सखूचं मला बरं दिसत नाही. तिला तुझ्या बांधकामाच्या ठेकेदाराने पुढे केलं असणार, त्या मरणाची जबाबदारी तुझ्यावर ढकलायला. केस चालू असताना कुणालाही एक ओळ लिहून देऊ नकोस, वकिलांनीच बजावलंय.

सुमेधाने सुकट पाठवलीय. माया आहे तशीच राहू दे.
तुझा,
धनेश

नावडे,
१६ जून

चि. धनेश यास आशीर्वाद.

सुकट पोचली. मी पनवेलला वकिलांकडे जाऊन सगळी पानं वाचली. झोप आली नाही. तिसऱ्या पानावर लिहिलंय, 'सदर इमारत कुटुंबीयांनी स्वतः बांधली असून बाहेरचा एकही कामगार लावलेला नाही.'

सात महिने गोटीराम माझ्या ओट्यावर बसून जेवला. तो कोण होता मग?

तुझ्या पाच इमारती असताना अर्जात माझंच नाव पहिलं का, तेही वकिलांना विचारलं. कामगार नाही तर सेस नाही, आणि विधवा बाईचं घर घरच्यांनी बांधलं, हे कोर्टाला पटेल म्हणाले. मग त्याच निकालावर तुझ्या इमारती सुटणार. हे तुझ्या तोंडून कळायला हवं होतं.

सरस्वती

द्रोणागिरी,
२१ जून

ती. ताईस नमस्कार.

ते वाक्य मीच घालायला सांगितलं. पण सेसचा बोजा मालकावरच का, हा प्रश्न खोटा नाही. दाखला दिलास तर माझा अर्जच पडेल. सखूला मी वेगळं काहीतरी देईन, गुपचूप. भावासाठी एवढं कर.

धनेश

नावडे,
२६ जून

चि. धनेश यास अनेक आशीर्वाद.

सेस मालकाने भरावा की नाही, हे कोर्टाला खुशाल विचार. मलाही आकारणी जास्त वाटते, मी वेगळा अर्ज करणार आहे. पण गोटीराम नव्हताच, असं माझ्या सहीने होणार नाही.

सखूला काल दाखला दिला. मी सही केली तेव्हा ती कागदावरचं त्याचं नाव बघत राहिली. "बरोबर लिवलंय ना?" मी विचारलं. तिने मान डोलावली.

तुझ्या अर्जातून माझं नाव काढ. नाही काढलंस तर मी कोर्टात उभी राहून सांगेन तो कुठून पडला ते. तू समोर बसलेला असलास तरी सांगेन.

तुझी,
ताई