दहावा ओटा

३ मार्च

पोहोचलो एकदाचा. फाटकावर पाटी आहे, ‘प्राण्यांना चिडवू नये.’ अशीच एक पाटी वसतिगृहाच्या मेसमध्ये लावली असती तर माझी तिथली वीस वर्षं जरा सुखात गेली असती. आता ते वसतिगृह बंद, मेस बंद, आणि पन्नाशीच्या तोंडावर मी पुन्हा उमेदवार. इथल्या मालकांनी मुलाखतीत विचारलं, प्राण्यांचा काही अनुभव? मी म्हटलं, दोनशे विद्यार्थ्यांना दोन वेळा जेवायला घातलंय. प्राणी निदान भाजीत केस निघाला म्हणून मोर्चा काढत नाहीत. मालक हसले आणि मी या प्राणिसंग्रहालयाचा खाद्य-व्यवस्थापक झालो. पद मोठं, काम तेच. वाढायचं आणि शिव्या खायच्या.

राहायला दोन खोल्या दिल्या आहेत. भिंती नुकत्याच रंगवलेल्या, नळाला पाणी, खिडकीतून भरपूर ऊन. हिला लगेच फोन करून सगळं सांगितलं. ही म्हणजे माझी बायको. जुनी जागा रिकामी करून महिन्याभरात येईल. तोवर पडदे घ्यायचे नाहीत अशी सक्त ताकीद आहे. माझी रंगांची जाण तिला माझ्या गाण्याइतकीच भरवशाची वाटते. लग्नानंतर मी इतका एकटा कधी राहिलेलो नाही. मघाशी चहात साखर किती घालायची तेही फोनवर विचारलं. अहो, दोनशे माणसांचं कसं करत होतात मग, म्हणाली. मी म्हटलं, दोनशेचं माप येतं, एकाचं येत नाही.

५ मार्च

आज माझी नवी मुलं पाहिली. नऊ ठिपकेदार तरसं. त्यांच्या जागेला पिंजरा म्हणतात, पण ते तारेचं उंच कुंपण घातलेलं मैदान आहे. तरसांत बायकांचं राज्य. सगळ्यांत दांडगी जी मादी, तिला इथले लोक आत्याबाई म्हणतात. सगळ्यांत खालच्या पायरीवर बाहेरून आणलेला एक नर आहे, तो घरजावई. नावं ठेवणाऱ्याला माणसांची चांगली पारख होती.

जेवणाची पद्धत मात्र रानटी. तरसांची नव्हे, माणसांची. मुकादम, म्हणजे राखणदारांचा प्रमुख आणि सध्या एकुलता राखणदार, मांसाचा हातगाडा आत नेतो, मधोमध उलटा करतो आणि पळ काढतो. मग जे होतं ते पाहून मला पहिल्या वर्षाच्या मुलांचा गोड पदार्थाचा दिवस आठवला. आत्याबाईंनी घरजावयाचा डावा कान फाडला. एकीचा मागचा पाय आधीच अधू होता, त्यावर आणखी एक चावा. प्राण्यांच्या डॉक्टरीणबाई तारेपलीकडे टाके घालायची पेटी उघडून तयारच होत्या, लग्नात आहेराची पाकिटं घेऊन बसतात तशा. मालकांनी बजावलंय की महिनाअखेरपर्यंत मारामाऱ्या थांबल्या नाहीत, तर तरसंही विकायची आणि व्यवस्थापकही बदलायचा. दोन खोल्या गेल्या तर हिला आणायचं कुठे?

उपाहारगृहात ओळखी झाल्या. मुकादम, मांस तोडणारा कसाई, जेवण करणाऱ्या काकू आणि डॉक्टरीणबाई. सध्या लोकांना प्रवेश बंद आहे, त्यामुळे आवारात माणसं एवढीच. चौघंही एकमेकांच्या ताटातलं उचलून खातात, भावंडांसारखी. मी नेहमीप्रमाणे शेवटी, उभ्यानं खाल्लं. वाढणाऱ्यानं बसायचं नसतं.

१२ मार्च

उपाय सापडला. वीस वर्षं ज्यानं मेस शांत ठेवली तोच. मुलं भुकेनं भांडत नाहीत, आपल्याला मिळेल की नाही या भीतीनं भांडतात. ज्याची त्याची जागा ठरवा, तिथेच रोज वाढा, आपोआप शहाणी होतात. मुकादम म्हणाला, साहेब, ही तरसं आहेत, शिकवणीला आलेली पोरं नाहीत. मी म्हटलं, पोरं जास्त चावतात.

सिमेंटचे ओटे बांधून घेतले, एकमेकांपासून लांब लांब. प्रत्येकाचा ओटा कायमचा. पहिली घंटा झाली की आपापल्या ओट्यावर, दुसरी घंटा होईपर्यंत उठायचं नाही. उठला त्याचं मांस गेलं. घंटा पिंजऱ्याच्या दारापाशीच टांगली आहे.

एक घोळ झाला. गवंड्यानं किती ओटे म्हणून विचारलं आणि मी सवयीनं एक जास्तीचा सांगून बसलो. मेसमध्ये एक ताट नेहमी जादा मांडायचं, कुणाचा तरी भाऊ नाहीतर मामा आयत्या वेळी टपकतोच. आता नऊ तरसांना दहा ओटे. फोडायला वेळ नाही. हिला सांगितलं तर म्हणाली, तुम्ही स्मशानातसुद्धा एक ताट जास्तीचं मांडाल.

२१ मार्च

जमलं! घंटा झाली की नऊजणं नऊ ओट्यांवर. गुरगुर नाही, ओरबाडणं नाही. घरजावयाचा कान भरून आला. अधू पायाची आता नीट चालते. मालकांनी फोनवर पाठ थोपटली, नोकरी पक्की. हिला म्हटलं, सामान बांध.

गंमत अशी की गाडा भरताना माझा हात अजून दहा वाटे करतो, आणि मुकादम निमूटपणे दहाव्या ओट्यावरही वाटा ठेवून येतो. त्याला एकही तरस तोंड लावत नाही. आत्याबाईसुद्धा वळसा घालून जातात. दुसऱ्याच्या पानाकडे बघायचं नाही, इतकी शिस्त माझ्या कुठल्याही विद्यार्थ्याला लागली नव्हती.

२६ मार्च

पिंजऱ्यात शांतता आहे. उपाहारगृहाबद्दल तसं म्हणवत नाही.

सुरुवात चहाच्या कपावरून झाली. कुणाचा कप कुणी घेतला एवढंच. कसाई मुकादमाला बोलला, मुकादमानं त्याचं सगळं खानदान काढलं. मग रोजच. काकू पळी उगारल्याशिवाय वाढत नाहीत. काल मुकादमाच्या मांडीवर उकळतं पाणी पडलं. पडलं म्हणे. आता तो लंगडतो. मी डॉक्टरीणबाईंना म्हटलं, पेटी पिंजऱ्याजवळून इकडेच हलवा. त्यांनी माझ्या थोबाडीत मारली. मग स्वतःच्या हाताकडे बघत राहिल्या. कशी मारली कळलंच नाही, म्हणाल्या, पण क्षमा मागितली नाही.

आणि आज दुपारी बटाट्याच्या एका फोडीवरून कसायानं काकूंचा कान फाडला. सुरीनं नाही, दातांनी.

डावा कान.

घरी येऊन बराच वेळ खिडकीशी उभा होतो. समोरच्या पिंजऱ्यात घरजावई उन्हात पडला होता. त्याच्या कानावर आता खूणसुद्धा नाही.

२७ मार्च

मी अंधश्रद्धाळू नाही. मेसवाल्याला परवडत नाही. पण हिशेब चुकत नाही. पिंजऱ्यातला राग मेलेला नाही. त्याला आत जागा उरली नाही म्हणून तो तारेतून बाहेर आला आहे. आत प्रत्येकाला ओटा आहे. मग ज्यांना नाही, त्यांच्यात शिरतो.

ओटे फोडावेत असं मनात आलं. पण फोडले तर मारामाऱ्या, मारामाऱ्या झाल्या तर मालक, मालक आले तर या दोन खोल्या. आणि हिनं जुन्या घराच्या किल्ल्यासुद्धा परत दिल्या आहेत.

मग तोच उपाय इथेही. उपाहारगृहाच्या फरशीवर पिवळ्या रंगानं चार चौकोन आखले. मुकादम, कसाई, काकू, डॉक्टरीणबाई. घंटा लावली. ताट ज्याच्या त्याच्या चौकोनात.

३० मार्च

शांत झाले. एका दिवसात. फारच शांत.

घंटेआधीच चौकोनात येऊन उभे राहतात. बोलत नाहीत. काकूंच्या कानाला पट्टी आहे आणि त्या कसायाकडे बघून हसतात. काही होतंय का म्हणून विचारलं, तर म्हणाल्या, काही नाही हो, आता बरं वाटतंय. चौघांचा सूर तोच, शब्दही तेच.

मी कोपऱ्यात, उभ्यानं जेवलो. शेवटी.

१ एप्रिल

सकाळी आरशाची काच फोडली. कारण नव्हतं.

हिचा फोन आला. चष्मा सापडत नाही म्हणत होती, डोक्यावरच असेल म्हणून स्वतःच हसली. मी काय बोललो ते इथे लिहिणार नाही. भांडलो आम्ही जन्मभर, पण ते भांडण म्हणजे आमच्या घरचं मीठ. हे ते नव्हतं. ती गप्प झाली. ही बाई गप्प झाली! फोन ठेवला तेव्हा तोंडात रक्त होतं. स्वतःचीच जीभ चावली होती.

वाढणाऱ्याला जागा नसते. या अख्ख्या आवारात जागा नसलेला मी एकटा उरलो आहे.

२ एप्रिल

तिला कळवलं की येऊ नकोस. कारण विचारलं. तुला बघितलं तर मी तुझा कान तोडेन, हे कसं सांगायचं? म्हटलं, इथे पाणी वाईट आहे. म्हणाली, पाणी वाईट की तिथली एखादी बाई वाईट? येतेच आणि बघते. चार दिवसांनी निघायची होती, आता सहाच्या ऐवजी पाच तारखेलाच पोहोचेन म्हणते. पुढे फोन उचलत नाही.

रुसली आहे. रुसली की कुणाचं ऐकत नाही ती.

३ एप्रिल

उपाहारगृहात स्वतःसाठी पाचवा चौकोन आखला. त्यात बसलो. काहीच झालं नाही. दात शिवशिवत राहिले. काकू माझ्यासमोरून ताटं घेऊन गेल्या, चार. मला वाढा म्हणालो, ओरडलो. मुकादम चौकोनातून न हलता फार समजुतीनं म्हणाला, साहेब, इथे चारच जागा आहेत. तुम्हीच तर आखल्यात.

रेघ मारून जागा होत नाही. कुणीतरी वाढावं लागतं.

उशी फाडली. तिची उशी, तिच्यासाठी आणलेली नवी. दातांनी.

४ एप्रिल

पडदा लावायला हवा होता. तरसं बसली आहेत आपापल्या ओट्यांवर. घंटा झालेली नाही. माझ्याकडे बघत नाहीत. सगळी तोंडं एकाच दिशेला.

दहाव्या ओट्याकडे.

त्यावर रोज वाढलं जातं. पहिल्या दिवसापासून. कुणी खात नाही. पाहुण्याचं पान.

नाही. वेड्यासारखं काय लिहितोय.

पळून जाता येईल. पण ती इथे येऊन पोहोचेल, आणि मी जिथे असेन तिथे मला शोधत येईल. आणि दात माझ्याबरोबरच येतील.

फाटकाला आतून कुलूप लावलं तर? ती चढून येईल. ओळखतो मी तिला.

५ एप्रिल, सकाळ

तिची गाडी थोड्याच वेळात येईल. तिचं नाव मनात आलं तरी जबडा आवळतो. माझी बायको. चहाची साखर सांगणारी.

तिला माझ्यापासून वाचवायचं तर

जातो. वही खिशात.

५ एप्रिल, नंतर

आत आहे. दहाव्यावर.

दार उघडलं तेव्हा आत्याबाई बाजूला झाल्या. उशिरा आलेल्या पाहुण्याला वाट देतात तशा. कुणी हुंगलंही नाही. मुकादमानं घंटा दिली, गाडा आणला, दहा वाटे ठेवले, दार नुसतं लोटून गेला. आपल्या चौकोनात गेला असेल.

खाल्लं मी. कच्चं. काही वाटलं नाही.

राग गेला. गेलाच! ताप उतरावा तसा. किती दिवसांनी हिचा चेहरा आठवला आणि नुसतं बरं वाटलं. आता ती येऊ दे. आता काही भीती नाही तिला. दुसरी घंटा झाली की उठेन, बाहेर जाऊन तिची बॅग घेईन, क्षमा मागेन. तिच्या पसंतीचे पडदे—

आली. फाटकातून आत येतेय. डोक्यावर चष्मा. हाक मारली. अहो, म्हणाली, तिथे काय करताय, या वयात काय हे! हसलो मी. इथूनच हात केला.

आत सगळ्यांना जागा आहे. तिकडे उपाहारगृहात चौघांना जागा आहे. मलाही—

बाहेर एकटीच ती.

अगं थांब. तिथेच थांब. परत जा—

ओरडलो. थांबली. बॅग खाली टाकली. बोलत नाहीये. ही बाई, आणि बोलत नाहीये. वरचा ओठ उचललाय. असा कधी—

तरसं हलत नाहीत. कुणीच हलत नाही. मीही नाही. पाय ऐकत नाहीत. दुसऱ्या घंटेपर्यंत उठायचं नाही, माझाच नियम—

दाराशी आली. दार ढकललं. आत. घंटेची दोरी तिच्या खांद्याला घासतेय. माझ्या डोळ्यांकडे बघत नाही, जरा बाजूला बघतेय, डाव्या

ओढ गं. ती दोरी ओढ, एकदाच ओढ, म्हणजे मला उठता ये