गोधडीचा वास

बुधवार, सांज

थकले आज. विहीणबाई आसगाववरून आल्या, नातवासाठी स्वतः शिवलेली गोधडी घेऊन. घडी उघडली अन् डांबरगोळ्यांचा वास घरभर. मी गोधडी त्यांच्या हातातून ओढली आणि बाहेर कुंपणावर नेऊन टाकली. गोडीनं सांगायचं होतं, पण मला कुठं जमते.

"पोराले रगत कमी हाय ना? मंग गोधडीनं काय होते?" विहीणबाई म्हणाल्या.

रक्त नाही, जी-सिक्स-पीडी. किती जणांना सांगू? जो तो बीट-पालक सांगतो. डॉक्टरीणबाई बोलल्या तेवढंच मला कळते. ते रक्तातलं एन्झाइम आहे, लाल पेशींची राखण करते. आमच्या बाळात ते जन्मापासूनच कमी. खाऊन वाढत नाही. डांबरगोळीच्या वासानंही पेशी फुटतात, पोर पिवळं पडते. वास अजून नाकात आहे.

एवढं विहीणबाईंनाही सांगितलं. त्यांनी चहाही घेतला नाही. पोरगी बाळ घेऊन त्यांच्याच घरी जाणार, तिथं कोण पाहील?

मग त्यांनी लेकाला फोन लावला. "पेटी उघड, कपाट बी. साऱ्या डांबरगोळ्या दूर नेऊन पुरून टाक. काहून ते इचारू नोको, मले सांगता येत नाही."