निवलेलं तेल

मार्गशीर्ष शुद्ध ३, शके १७०९

दत्तोबा तांबटाची धाकटीही गेली. आठ दिवसांत दोन मुलं! घसा आतून पांढरा होतो, श्वास अडकतो, संपलं. अर्ध्या कसब्यात हेच चाललं आहे.

सकाळी तो चावडीत आला तेव्हा मी बोरू तासत होतो. म्हटलं, बस, पाणी पी. बसला नाही. "पंत, लिहून घ्या. मथुरेनं माझी पोरं खाल्ली."

लिहिलं. बारा वर्षं दुसरं काय करतो आहे? लोक सांगतात, मी लिहितो.

पण मथुराबाई! मुलांचे घसे चोळणारी, पडजीभ उचलणारी मथुराबाई! मध-तुरटी लावलेलं तिचं बोट कसब्यातल्या कुठल्या पोराच्या तोंडात गेलं नाही? तीन वर्षांपूर्वी आमची ठकू निळी पडली होती, तेव्हा आमच्या हिने रडत तिलाच बोलावलं होतं. ठकू आत्ता अंगणात सागरगोटे खेळते आहे.

दत्तोबाच्या दोन्ही मुलांचा घसा तिनेच चोळला, एवढाच पुरावा. आणि तो देवऋषी— तांदळाचे दाणे मांडून त्याने तिचं नाव काढलं म्हणे.

शुद्ध ४

तिला आणली. जयसिंग शिपाई तिच्या चालीने चालत होता. साठी उलटलेली बाई, गुडघा धरलेला, पायऱ्या चढताना भिंतीचा आधार घेत होती.

अंमलदारांनी विचारलं, "चेटूक कोणाकडून शिकलीस?"

"एवढी विद्या असती तर आधी हा गुडघा सरळ केला नसता का?"

जयसिंगाने तोंड फिरवलं. मलाही हसू आलं होतं. अंमलदार मला म्हणाले, "'उद्धट' लिहा." लिहिलं.

शुद्ध ६

तिची मुलगी श्यामला भाकरी घेऊन आली. काखेत दोन वर्षांचं पोर. आळीतून येताना कोणीतरी शेण मारलं होतं, पदर तसाच. कोणी मारलं, विचारलं. "कोणाकोणाचं नाव लिहाल?" म्हणाली.

घरी आल्यावर ही म्हणते, "अहो, तुम्ही यात पडू नका." मी कुठे पडलो? मी लिहितो.

शुद्ध ९

आज मारलं. कबूल केलं नाही. अंमलदार म्हणाले, "'अजून कबूल नाही' असं लिहा." त्या एका 'अजून'मध्ये उद्याचा मार आला.

शुद्ध १०

दिव्य ठरलं. शास्त्रीबुवा येणार. कढईत तेल-तूप तापवायचं, तळाशी तांब्याचा रवा, म्हणजे छोटा तुकडा, टाकायचा, तो तिने हाताने काढायचा. मग हात पिशवीत बांधून मोहोर लावायची. तिसऱ्या दिवशी उघडायची. भाजलेला निघाला तर गुन्हेगार, नाही तर सुटली.

तिला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "बरं. मार तरी थांबेल." मग मी कागद गुंडाळत असताना हळूच— "पंत, फार तापवतात का हो?"

मी कागद आणखी घट्ट गुंडाळला. तिनेच समजूत घातली, "असू द्या, असू द्या."

शुद्ध ११

जयसिंगाशी बोललो. कढईखालचा जाळ तोच सांभाळतो. मी म्हटलं, लाकूड जरा ओलं असलं तर?

"उपयोग नाही. शास्त्रीबुवा पिंपळाचं पान टाकून बघतात. ते करपलंच पाहिजे." त्याने तंबाखूत चुना मळला. मग म्हणाला, "पान करपल्यावर मात्र चुलीकडे कोणी बघत नाही. सगळे तुमच्याकडे बघतात. तुम्ही शपथेचा कागद वाचता ना!"

"मग?"

"मग मी खालची लाकडं हळूहळू ओढून घेईन. कढई पातळ पत्र्याची आणीन. नदीवर वाराही आहे. कागद केवढा आहे?"

"वीस ओळी."

"मोठा करा, पंत."

त्याचाही मुलगा तिनेच वाचवला आहे. हे त्याने सांगितलं नाही, मला माहीत होतं.

शुद्ध १२

दिवसभर लिहितो आहे. तिचा बाप, आजा, माहेर, सासर. दत्तोबाचे तीन पिढ्यांचे पूर्वज. आठ दिशांचे देव, नद्या, ग्रामदैवत, कुलदैवत. साक्षीला सूर्य, साक्षीला चंद्र, आणि चंद्राच्या सत्तावीस बायका! पाल्हाळ लावतो म्हणून अंमलदार मला नेहमी बोलतात. आज लावला!

 हे पाप आहे. देवाच्या नावाने केलेली फसवणूक आहे. लिहितो आहे तरी.

शुद्ध १३

झालं!

नदीकाठी सगळा कसबा लोटला होता. पान टाकलं, चर्रर झालं, काळं पडलं. शास्त्रीबुवांनी मान हलवली. मी कागद उघडला.

दोन घटका वाचत होतो. घसा कोरडा पडला. प्रत्येक नाव तोडून तोडून, थांबून थांबून. लोक कंटाळले, पोरं रडायला लागली. कोणीतरी म्हणालं, "पंतांचं पुराण कधी संपायचं?" अंमलदारांनी दोनदा खाकरून दाखवलं. मी मान वर केली नाही. वारा बोचरा होता. तो आणखी बोचरा व्हावा म्हणून मनात देवाला सांगत होतो.

मग तिने हात घातला. क्षणभर थांबली. मग दात आवळून "आई गं!" केलं, आणि रवा काढून शास्त्रीबुवांपुढे टाकला. हात पिशवीत घातला, मी दोरी बांधली, मोहोर लावली. माझी बोटं तिच्या मनगटाला लागली. कोमट होतं.

जेवलो. चार दिवसांनी नीट जेवलो.

वद्य १

पिशवी उघडली. मोहोर मीच फोडली.

हात स्वच्छ. एक फोड नाही! मला वाटलं आता आरोळी उठेल, श्यामला धावेल. श्यामला धावलीच. तेवढ्यात मागून कोणीतरी बोललं, "भाजला कसा नाही?"

 मग तो देवऋषी पुढे आला. "कसा भाजेल? तिने अग्नी बांधला! पान करपलं, तुम्ही सगळ्यांनी पाहिलं. त्याच तेलात हिचा हात गेला. माणसाचा हात असता तर हाडापर्यंत उकडला असता."

दत्तोबा त्या हाताकडे बघत राहिला. इतके दिवस त्याच्या डोळ्यांत दुःख होतं. आज भीती होती.

शास्त्रीबुवा म्हणाले, नियमाने ती सुटली. त्यांचा आवाज कोणाला ऐकूच गेला नाही. अंमलदारांनी तिला पुन्हा आत घ्यायला सांगितलं.

वद्य २

जरासा भाजला असता तर बरं झालं असतं. हे मी लिहितो आहे. मी!

वद्य ४

काल कसब्यात आणखी दोन पोरं गेली. सकाळी चावडीपुढे दोनशे माणसं. त्यांतल्या निम्म्यांच्या मुलांचे घसे तिने चोळलेले. अंमलदार आत येऊन बसले, घाम पुसला, म्हणाले, "यज्ञेश्वरपंत, लिहा. देहांत."

आता बोलायचं होतं. एवढंच सांगायचं— तेल निवलं होतं, मी निववलं. मी तोंड उघडलं.

"काय?"

"शाई संपली."

शाई होती. दऊत अर्धी भरलेली होती. ते बघत होते, मीही बघत होतो. त्यांनी दऊत माझ्याकडे सरकवली. मी लिहिलं. अक्षर चांगलं आलं.

वद्य ५

नदीपलीकडे नेली. मी गेलो नाही. ठकूने विचारलं, मथुराआजी कुठे गेली? ही म्हणाली, गावाला.

वद्य ८

तिला जाऊन तीन दिवस झाले. घसे पांढरे होतच आहेत. काल कुंभारवाड्यात एक, आज आमच्या मागच्या बोळात एक. ह्या आया पूर्वी कुणाकडे तरी धावत जायच्या. आता दार लावून बसतात.

लोकांना एवढं तरी दिसावं! नाही. उलट म्हणतात, मरताना शाप देऊन गेली.

वद्य १०

श्यामलाला आणलं! "विद्या आईकडून लेकीला जाते"— देवऋषी. दत्तोबाची फिर्याद. दिव्य अमावास्येला. अंमलदार मला म्हणाले, "कागद दहा ओळींचा करा. आणि जाळ मी स्वतः बघणार." माझ्याकडे बघून म्हणाले की सहज म्हणाले, कळलं नाही.

पोर जयसिंगाच्या बायकोकडे आहे. आईसाठी रडून रडून त्याचा आवाज बसला आहे.

वद्य ११

हिला सगळं सांगितलं. ऐकताना तांदूळ निवडत होती. हात थांबला नाही.

"कोणाला कळलं आहे?"

"जयसिंगाला."

"मग ते तिथेच राहू द्या. ठकूचं लग्न व्हायचं आहे."  मग सूप बाजूला ठेवून— "ठकू निळी पडली होती तेव्हा मी तिच्या पायांवर डोकं ठेवलं होतं हो. मथुराबाईंच्या." आणि रडायला लागली. बोला असंही म्हणाली नाही, नका बोलू असंही नाही.

वद्य १२

जयसिंग भेटला. इतके दिवस टाळत होता. घाटावर उभं राहून, पाण्याकडे बघत बोलला.

शेवटच्या सकाळी अंमलदारांनी तिला एकटीला विचारलं होतं. दाराशी फक्त जयसिंग. "तेल निवलं होतं ना? कोणी निववलं ते सांग. तुला सोडतो, त्याला धरतो."

ती म्हणाली, "निवेल कसं? उकळत होतं. देवाने राखलं."

नदी ओलांडताना जयसिंगाने विचारलं, का नाही सांगितलंत? "पहिलं बोट बुडालं तेव्हाच कळलं की रे. म्हणून तर खोटंच आई गं ओरडले. तुम्हा दोघांना लेकरं आहेत. माझी श्यामला मोठी झाली, तिला आता कोण काय करतंय?"

तिला कळलं होतं! एक नाव, आणि ती जगली असती. माझं नाव.

आणि मी म्हटलं शाई संपली.

वद्य १३

फिर्याद दत्तोबाची, ती त्यालाच मागे घेता येते. म्हणून चावडीत न जाता तांबट आळीत गेलो. त्याच्यापुढे एक हंडा, हातोडा हातात, ठोकत नव्हता.

सांगितलं. सगळं एकट्याने केलं असं सांगितलं— जयसिंगाचं नाव घेतलं नाही. म्हटलं, लाकडं मी ओल्या वखारीतून निवडून दिली होती, मग वाचत राहिलो, तेल निवलं. मथुराबाईत काही नव्हतं, श्यामलात काही नाही. ती तुझ्या घरी आली ती मुलं वाचवायला आली.

तो ऐकत होता. ओरडला नाही. हातोडा खाली ठेवला.

"मग माझी पोरं कशानं गेली, पंत?"

मी म्हटलं, रोगाने.

"रोग कुणी आणला?"

"कोणी नाही, दत्तोबा."

"कोणी नाही," तो म्हणाला. पुन्हा म्हणाला, "कोणीच नाही?" त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पुसत नव्हता. मला वाटलं, आता त्याला पटलं. निघताना म्हणाला, "श्यामलाला सोडवतो." मी त्याचे हात धरले.

अमावास्या

श्यामला सुटली. दत्तोबाने तिच्यावरची फिर्याद मागे घेतली आणि माझ्यावर घातली. तेल निवलं होतं हे कोणी मानत नाही. म्हणतात, मी कागद वाचत नव्हतो, दोन घटका मंत्र म्हणत होतो— आणि ती नावं कोणत्या देवांची होती ते आता कढईच सांगेल. जयसिंग मला न्यायला ओसरीवर उभा आहे. घाई करत नाही.