जेसीचा प्रश्न

एडिंबरा, गुरुवार

प्रिय मर्डो,

फोनच करणार होते, पण तू फोनवर कसा बोलतोस ते मला ठाऊक आहे. 'बरं आहे, इश. वारा सुटलाय. ठेवतो.' एवढ्यात तुझं आटोपतं. आजचं बोलणं तेवढ्यात मावणारं नाही. सकाळपासून तीनदा टेबलाशी बसले आणि तीनदा उठले. खिडकी उघडली, लावली, परत उघडली. चहा केला, तो निवून गेला. आज मी कोर्टात गेले नाही. न्यायाधीश झाल्याला एकवीस वर्षं झाली, त्यात अशी ऐनवेळची रजा पहिल्यांदाच. माझा कारकून फर्गस फोनवर घाबरलाच. 'बाईसाहेब, डॉक्टरांना पाठवू का?' म्हणाला. म्हटलं, डॉक्टरांच्या हातातलं काही नाही रे हे.

पाय एका जागी ठरत नाहीत. वकिली सुरू केली तेव्हा कोर्टाच्या पार्लमेंट हॉलमध्ये जोडीजोडीने येरझाऱ्या घालायची रीत आम्हाला शिकवली होती. उभं राहून बोललं की कुणीतरी कान देतं, चालत बोललं की कुणाला पत्ता लागत नाही. तुला हे सांगितलं तेव्हा तू किती हसला होतास! 'म्हणजे शिकलेली माणसंही आपल्या धक्क्यावरच्या बायकांसारखीच फिरत फिरत कुजबुजतात म्हण की!' आज मी एकटीच तशी या खोलीतून त्या खोलीत फिरतेय. सोबतीला कुणी नाही, म्हणून तुला लिहितेय.

एक बातमी आहे. सरन्यायाधीशांच्या खालोखालच्या जागेसाठी माझं नाव पुढे गेलंय. तीन आठवड्यांत जाहीर होईल म्हणतात. तू पेपरातलं कात्रण काढून आईच्या बायबलमध्ये ठेवशील, आजवर ठेवत आलास तसंच. तुला वाटतं मला माहीत नाही, पण आईच्या दफनानंतर मी ते बायबल उघडलं होतं. वकील झाले तो दिवस, वरिष्ठ वकील झाले तो, आणि लाल क्रूस असलेला न्यायाधीशाचा पांढरा झगा घातलेला तो फोटो. सगळं होतं. न्यायाधीश झाल्यावर आपलं नाव निवडायची मुभा असते, म्हणून मी गावाचं घेतलं, 'लेडी हॅल्गो'. गावाला कोण आनंद झाला! तू मात्र एवढंच म्हणालास, 'मोठं नाव आहे. सांभाळ.' ते चार शब्द मी किती वर्षं कुरतडत बसलेय, तुला कल्पना नाही.

सप्टेंबरमध्ये गावाच्या नव्या सभागृहाचं उद्घाटन करायला मी आले होते, ते आठवून बघ. भाषण झालं, टाळ्या झाल्या, बायकांनी भाजलेले स्कोनचे गोड पाव झाले. तू मागे चहाच्या पिंपाजवळ उभा होतास, टोपी हातात घेऊन. तेव्हा मॅग्नसची विधवा, जेसी गन, गर्दीतून माझ्याकडे आली. तू तिला येताना पाहिलंस, आणि मान थोडीशी हलवलीस. मला खुणेनेच नको म्हणालास. ती काय बोलली ते तुला तेवढ्या लांबून ऐकू आलं नसणार. तिने माझे दोन्ही हात धरले. तिची बोटं गार होती. म्हणाली, 'पोरी, तुझ्या भावाला मी माफ केलेलं नाही, करणारही नाही. पण तुझ्यावर माझा कधीच राग नव्हता हो. त्या घराचं नाव तू धुऊन काढलंस.' मग हळूच म्हणाली, 'तू होतीस ना तिथे? मॅग्नस काही बोलला का गं शेवटी? तुझ्या भावाला तोंड उघडून विचारायची माझी इच्छा नाही.' आणि मी, जिला न्यायासाठी पगार मिळतो ती मी, म्हणाले, 'नाही जेसी. काहीच नाही बोलला.' ती तुझ्या बाजूने, दगडाच्या खांबाजवळून जावं तशी निघून गेली. तू पिंपाचा नळ पुसत राहिलास.

मर्डो, आपण दोघं हे कधी बोललोच नाही. आज मी साक्षीदाराला सांगते तसं स्वतःला सांगतेय. घडलं तसं, क्रमाने, काही न गाळता.

एकोणऐंशी सालचा मार्च. शनिवार, दुपारचे तीन. मी बावीस वर्षांची, कायद्याच्या शेवटच्या वर्षाला. तुला दीपगृहावरची नोकरी लागली होती, एप्रिलात रुजू व्हायचं होतं. क्रिसीने तुमच्या लग्नाचं कापडसुद्धा आणलं होतं. तू मला तुझ्या व्हॅनवर गाडी शिकवत होतास, आणि माझ्याकडे परवाना नव्हता, शिकाऊसुद्धा नव्हता. 'या रस्त्याला मेंढ्यांशिवाय कोण असतंय?' असं मीच म्हटलं होतं. चढ संपला आणि ऊन एकदम डोळ्यांत आलं. तू ओरडलास, 'हळू, इश, हळू!' मला ते ऐकू आलं होतं. मी पेडलवरून पाय उचलला नाही, कारण मला मजा वाटत होती. हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही, तुलाही नाही. उन्हाने मी आंधळी झाले असंच तू समजत आलास.

समोरून सायकलवर येणाऱ्या मॅग्नसला मी उडवलं. तू खाली फोनच्या बूथकडे पळालास. मी मॅग्नसचं डोकं मांडीवर घेतलं. त्याची सायकल खड्ड्यात पडली होती आणि चाक फिरत होतं. तो मला म्हणाला, 'जेसीला सांग, वरच्या कुरणाचं फाटक उघडं राहिलंय.' एवढंच बोलून तो गेला. किती साधं! आणि मी ते पंचेचाळीस वर्षं दाबून ठेवलं, कारण ते सांगायला जेसीसमोर उभं राहावं लागलं असतं.

हवालदार आला. त्याने विचारलं, 'गाडी कोण चालवत होतं?' माझं तोंड उघडायच्या आधी तू म्हणालास, 'मी.' मग मला कुणी काही विचारलंच नाही, आणि मी सांगितलं नाही. घरी आल्यावर गोठ्यामागे तू मला धरलंस. 'एकाचं वाटोळं झालं ते पुरे. दोघांचं कशाला? माझ्याकडे परवाना आहे, मला थोडक्यात सोडतील. तू गप्प बस.' थोडक्यात! नऊ महिने इन्व्हर्नेसच्या तुरुंगात काढलेस. दीपगृह गेलं, क्रिसी गेली. परत आलास तो जेसीच्या दारावरून रोज धक्क्यावर जायला, कारण दुसरा रस्ताच नाही. त्यानंतर तू गाडीला हात लावला नाहीस, आणि गाव म्हणालं, बघा, मन खातंय त्याला.

मी गप्प बसले. मला वाईट वाटलं, पण खरं सांगायचं तर त्याहून जास्त सुटल्यासारखं वाटलं. त्या सुटकेवरच मी सगळं बांधलं. आपल्याकडे साक्षीदाराला शपथ न्यायाधीशच देतो. मी उभी राहते, उजवा हात वर करते, समोरचा माणूस हात वर करतो आणि माझ्या मागून म्हणतो, खरं सांगेन, सगळं सांगेन. हजारो वेळा केलं मी हे. भल्याभल्यांना खोटं बोलताना पकडलं. वकील म्हणतात, लेडी हॅल्गोसमोर खोटं टिकत नाही.

एकदा मी तुझ्याकडे आले होते, चौऱ्याण्णव साली. सगळं सांगून टाकते म्हणाले. तू जाळं विणत होतास, वर बघितलंसुद्धा नाहीस. 'आता सांगून काय मिळणार? माझे नऊ महिने परत देणार आहेत का? मी भोगून मोकळा झालो. तू आपलं काम नीट कर.' मी तुझा शब्द मानला, असं स्वतःला समजावलं. परतीच्या गाडीत मला शांत झोप लागली. त्या झोपेची मला आज लाज वाटते.

सभागृहातल्या त्या दिवसापासून मात्र झोप नाही. म्हणून मंगळवारी आधीच रजा टाकून मी हॅल्गोला येऊन गेले. तू खेकड्यांचे सापळे काढायला समुद्रावर गेला होतास. मी मुद्दाम तीच वेळ साधली. तू असतास तर मला अडवलं असतंस. जेसीच्या स्वयंपाकघरात बसून मी तिला सगळं सांगितलं, गाडी मी चालवत होते हेही, आणि पाय उचलला नाही हेही. ती बटाटे सोलत होती. सुरी थांबली नाही. फाटकाचं सांगितलं तेव्हा थांबली. मग म्हणाली, 'फाटक उघडंच होतं. मेंढ्या रस्त्यावर आल्या होत्या. म्हणजे तू त्याच्याजवळ होतीस, हे खरं. पण बाकीचं?' माझ्याकडे तिने असं पाहिलं, की एवढ्या वर्षांत मी कुणा साक्षीदाराकडे तसं पाहू शकले नाही. म्हणाली, 'तुझा भाऊ म्हातारा झालाय, मरायच्या आधी गावाने त्याच्याशी दोन शब्द बोलावेत म्हणून तू हे अंगावर घेतेयस. मोठी न्यायाधीश झालीस, तरी बहीण ती बहीणच. आणि हे खरं असेल, तर मी पंचेचाळीस वर्षं भलत्याच माणसाच्या वाटेवर थुंकले. ते मी कुणाच्याही सांगण्यावरून मानायची नाही. मी त्यालाच विचारेन.'

म्हणून हे पत्र, मर्डो. रविवारी चर्च सुटल्यावर जेसी तुझ्या घरी येणार आहे. इतक्या वर्षांत ती प्रथमच तुझ्या दाराशी येईल, आणि हवालदाराने विचारलं होतं तेच विचारेल. मी तुला ओळखते. तू टोपी काढशील आणि म्हणशील, 'इश दमलीय बिचारी, तिचं मनावर घेऊ नकोस. गाडी मीच चालवत होतो.' आणि ती तुझ्यावर विश्वास ठेवेल. माझा राजीनामा आणि लेखी जबाब, दोन्ही लिफाफे समोर आहेत, सोमवारी सकाळी टपालात पडतील. कायदा माझं काय करायचं ते करेल. पण कागदावर जेसीचा विश्वास बसणार नाही, तुझ्या तोंडूनच बसेल. माझ्यासाठी तू एकदाच खोटं बोललास, आणि ते आयुष्यभर पुरलं. आता नको. तिला आत घे, चुलीजवळची खुर्ची दे, आणि सांग की गाडी इश चालवत होती. त्यापुढचं मला सोसू दे.

तुझीच,
इश