सामन्याच्या दिवशीचा निरोप

मी, आन्सेल्मो रिवारोला, वय चौऱ्याहत्तर, मूळ राहणार पिलार, देश पाराग्वाय, सध्या मुक्काम ओरुरो, देश बोलिव्हिया, धंदा फुटबॉल संघांचे प्रशिक्षण (आता बंद), हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. कोणी भरीस घातलेले नाही. भरीस घालायला या खोलीत दुसरे कोणी राहत नाही. हृदय मात्र इथल्या विरळ हवेला कंटाळले आहे. खालचे औषधविक्रेते सेन्योर फ्रोइलान आर्से दर सोमवारी रक्तदाब बघतात आणि म्हणतात, "प्रोफे, आता सपाटीवर जा राहायला." इकडे प्रशिक्षकाला सगळे प्रोफेच म्हणतात. मी मान डोलावतो आणि जिना चढून वर येतो.

कलम १. यापूर्वी लिहिलेली माझी दोन्ही मृत्युपत्रे रद्द समजावीत. एक ग्वायाकिलच्या एका हॉटेलच्या कागदावर आहे. तेव्हा वाटून देण्यासारखे काही नव्हते. दुसरे पिलारच्या वकिलाकडे आहे. त्यात माझा जुना सहायक निकानोर कोल्के याच्याविषयी जे लिहिले आहे ते खोटे आहे. ते कसे, हे कलम ५ मध्ये सांगितले आहे.

कलम २. पिलारचे नदीकडचे घर, अंगणासह आणि आतल्या सामानासह, माझी एकुलती मुलगी ग्रिसेल्दा हिचे. हे घर माझी पत्नी तेओफिला हिने उभे केले. मी पैसे पाठवत असे आणि ती फोटो पाठवत असे: आधी पाया, मग भिंती, मग मागचा व्हरांडा. चौतीस वर्षांत मी सहा देशांत बावीस क्लब केले. कुठे दोन वर्षे टिकलो, कुठे पाच आठवडे. त्या घरात मी सगळ्या मिळून चारशे रात्रीही झोपलो नसेन. एका सुट्टीत सकाळी साखरेचा डबा शोधत होतो. तेओफिला चुलीपाशी होती. म्हणाली, "वरच्या फळीवर आहे. पाहुण्यांना सांगावंच लागतं." ती हसत होती, म्हणून मीही हसलो.

तेओफिला आता नाही. ग्रिसेल्दाने मागची खोली माझ्यासाठी झाडून-पुसून तयार ठेवली आहे. दर नाताळला तिचा फोन येतो. "बाबा, या ना घरी. एकटे काय करता तिथे डोंगरात?" मी दर वेळी गुडघ्याचे निमित्त सांगतो.

कलम ३. माझी तपकिरी चामड्याची बॅग कोणालाही देऊ नये. पेरूमधल्या एका क्लबात लागोपाठ चार सामने हरल्यावर मी ती घेऊन संघाच्या बसपाशी आलो. ड्रायव्हर दारातच उभा होता.

"प्रोफे, तुमचं नाव यादीत नाही."

"कसली यादी?"

"गाडीत बसायची. अध्यक्षांनी दिलीय. माझ्यावर रागावू नका, मलाही पोरंबाळं आहेत."

माझे अठरा खेळाडू पलीकडच्या खिडक्यांतून बाहेर बघत होते. बस गेली. मी त्या बॅगेवर बसून राहिलो, फाटकाचा पहारेकरी कुलूप लावायला येईपर्यंत. काढून टाकल्याचे मला असेच कळायचे: कधी रेडिओवरून, कधी हॉटेलची चावी लागेनाशी झाल्यावर. ते अध्यक्ष वारले. त्यांना क्षमा केली असे इथे लिहावे म्हणून मी बराच वेळ पेन धरून बसलो होतो. लिहवत नाही.

कलम ४. बँकेतल्या शिलकीतून माझी मूठमाती व्हावी, उरेल ते ग्रिसेल्दाचे. मला ओरुरोतच पुरावे. तेओफिलाच्या शेजारची जागा मी मागत नाही. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही घेता येत नाही, म्हणून घरमालकीण सेन्योरा इर्मा चुकिमिया यांच्यासाठी काही ठेवलेले नाही. त्यांना मी तसे सांगितले. त्या म्हणाल्या, "तुमच्या त्या कोटाचं मी करू तरी काय? खिडकीची भोकं बुजवू?" कोट ज्याला थंडी वाजत असेल त्याला द्यावा.

कलम ५. हे कलम नीट वाचावे.

दोन हजार एक साली मी इथल्या देपोर्तिवो सान अंतोनियो संघाचा प्रशिक्षक होतो. निकानोर माझा सहायक. दहा वर्षे तो माझ्याबरोबर क्लबामागून क्लब हिंडला होता. लीगचा शेवटचा सामना कोचाबाम्बात होता. जिंकलो तर विजेतेपद. तेओफिलाचे ऑपरेशन होऊन बारा दिवस झाले होते. फोनवर ती म्हणाली होती, "खेळून या. मी कुठे चाललेय?"

आदल्या संध्याकाळी हॉटेलात सूप पिताना मी निकानोरला सांगितले, "उद्या सामना संपेपर्यंत मला कोणाचा निरोप नको."

"पिलारचाही?"

"पिलारचाही."

त्याने चमचा खाली ठेवला. "आणि प्रोफे, समजा काही वाईट असलं तर?"

"वाईट बातमी कुठे पळून जात नाही. नव्वद मिनिटं थांबेल."

हे शब्द माझे आहेत. ऐकायला तिथे तिसरे कोणी नव्हते.

सकाळी आठला ग्रिसेल्दाचा फोन आला. मी खेळाडूंबरोबर वर होतो. फोन निकानोरने घेतला. आई बाबांना बोलावते आहे, डॉक्टर म्हणतात आजचा दिवस. अकराला विमान होते. त्या विमानाने निघालो असतो तर सांता क्रूझ, आसुन्सियोन आणि पुढे मोटारीने मी त्याच दिवशी पिलारला पोचलो असतो. सामन्यात तो माझ्या शेजारी बाकावर बसला होता आणि एक शब्द बोलला नाही. मला वाटले, त्याचे पोट बिघडले आहे. शेवटच्या मिनिटांत कोपऱ्यावरून आलेल्या चेंडूवर आमचा गोल झाला. आयुष्यातले माझे एकमेव विजेतेपद. पोरांनी मला खांद्यावर घेऊन मैदानभर फिरवले.

कपडे बदलायच्या खोलीत तो माझ्यासमोर येऊन उभा राहिला. "प्रोफे, सकाळी ग्रिसेल्दाचा फोन आला होता," म्हणाला, आणि सगळे सांगितले. मी सर्वांदेखत त्याच्या थोबाडीत मारली. दार उघडे होते, बातमीदार आत आले होते. मी त्यांना म्हणालो, "ह्या माणसाने माझी बायको मरत असताना निरोप दाबून ठेवला." निकानोर गालाला हात न लावता तसाच उभा राहिला.

तेओफिला दुसऱ्या दिवशी पहाटे गेली. मी संध्याकाळी पोचलो तेव्हा तिच्यावरची माती ओली होती. तिथे ग्रिसेल्दालाही मी तेच सांगितले. ती म्हणाली, "त्या माणसाला देव बघून घेईल." अजूनही नाताळच्या फोनवर ती हे म्हणते, माझ्या बाजूने. मी गप्प राहतो. त्या घरात जाऊन राहायचे तर रोज जेवताना तिच्यासमोर गप्प राहावे लागेल. माझ्या गुडघ्यांना काहीही झालेले नाही.

निकानोरला पुढच्या हंगामात एका क्लबाने मुख्य प्रशिक्षक करायचे कबूल केले होते. त्यांनी शब्द फिरवला. नंतर त्याला कोणीच घेतले नाही. तो इथे बाजारात आपी आणि पास्तेल विकतो: मक्याचे गरम पेय आणि तळलेली पोळी. मी आठ वर्षे याच गावात आहे. आठ वर्षे बाजारातली ती गल्ली टाळून लांबून जातो.

गेल्या मंगळवारी टाळली नाही. तो मोठ्या पातेल्यात पळी फिरवत होता. केस पांढरे झालेत.

"बसा, प्रोफे. थंडी आहे," एवढेच म्हणाला आणि पेला पुढे केला.

मी विचारले, "तू कोणाला सांगितलं का नाहीस? की मीच तसं बजावलं होतं म्हणून?"

"विचारलं कोणी?" मग पळी फिरवत म्हणाला, "तुमच्या मुलीनं विचारलं होतं. फोनवर, एकदा."

"मग?"

"मी म्हटलं, विसरलो."

"का रे?"

"तिची आई नुकती गेली होती. बापही तिच्यापासून काढून घेऊ?"

मी सांगितले, मृत्युपत्रात सगळे खरे लिहून ठेवतो, मी गेल्यावर तिला कळेल. त्याने पळी थांबवली. आमच्या ओळखीत पहिल्यांदाच त्याच्या आवाजात राग ऐकला.

"गेल्यावर? मग ती भांडणार कोणाशी? माझ्याशी?"

पेला संपवून उठलो. त्याने पैसे घेतले, सुटे परत दिले.

कलम ६. माझ्या चौतीस वह्या, ज्यांत प्रतिस्पर्धी संघांचे डावपेच टिपले आहेत, निकानोर कोल्के याच्या. त्यांतल्या दहांतले निम्मे अक्षर त्याचेच आहे आणि विजेतेपदाच्या सामन्याची सगळी आखणी त्याची होती. हे मी तेव्हा कुठेही म्हटले नाही. त्याने वह्या नाकारल्या तर आग्रह करू नये. कलम ५ जसेच्या तसे इथल्या वर्तमानपत्रात छापायला द्यावे.

कलम ७. या मृत्युपत्राची एक प्रत आज, मी जिवंत असताना, टपालाने ग्रिसेल्दाला जात आहे. तिला जे बोलायचे असेल ते तिने मला बोलावे. ती यापुढे फोन करणार नाही असेही होईल. तिने माझे नाव टाकले तरी कलम २ मध्ये बदल होणार नाही.

येणेप्रमाणे लिहिले ते मला मान्य आहे.

आन्सेल्मो रिवारोला (सही)

साक्षीदार:

१. इर्मा चुकिमिया, घरमालकीण (सही). सर्व मजकूर त्यांनी आमच्यासमोर मोठ्याने वाचला. वाचताना दोनदा थांबले, पाणी दिले तर नको म्हणाले.

२. फ्रोइलान आर्से, औषधविक्रेते (सही). पाकीट मी स्वतः टपालात टाकून आलो. पावती त्यांच्या हातात दिल्यावर त्यांनी पत्ता पुन्हा वाचून पाहिला, आणि मगच सही केली.

ओरुरो, ९ ऑगस्ट २०१८