रणजितला घर का ठेवलं नाही

मी, सुरेखा काशिनाथ आगटे, वय एकोणसत्तर, राहणार हेन्डरसन, ऑकलंड, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, कुणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. गुडघे गेले असले तरी डोकं शाबूत आहे. डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. याआधीचं मृत्युपत्र रद्द समजावं. इंग्रजी तर्जुमा वकिलीणबाई करतील. त्यात माझी बडबड गाळलेली मला चालणार नाही.

१. शिलाई मशीन न्यू लिनच्या सुनीताला. अल्टरेशनच्या दुकानात आम्ही वीस वर्षं शेजारी बसलो. माझी मोठी कात्री तिनं १९९४ साली नेली आहे, तीही तिनंच ठेवावी. मागून मागून मी थकले.

२. बँकेतली शिल्लक इथल्या रग्बी क्लबला, लहान मुलांच्या बुटांसाठी. ज्यांना हसू येईल त्यांनी कलम चार वाचावं.

३. घर, फीजोआच्या झाडासकट, माझी नात ईशा हिला. ती वीस वर्षांची होईपर्यंत कारभार वकिलीणबाईंकडे. निळी गोधडीही ईशालाच. १९८१ साली दक्षिण आफ्रिकेचा रग्बी संघ इथे आला, तेव्हा ती रेनकोटाखाली गुंडाळून मी ईडन पार्कच्या मोर्चात गेले होते. पोलिसांची दांडकी बसतील म्हणून बाकीच्यांनी हेल्मेटं आणि पुठ्ठे आणले होते, मी आईनं शिवलेली गोधडी. खांदा वाचला, गोधडी उसवली. ईशा, मी ती मुद्दाम शिवली नाही, तूही शिवू नकोस.

४. माझा एकुलता मुलगा रणजित याला मी काहीही ठेवलेलं नाही.

त्या मोर्चाच्या दिवशी आम्ही तिघं एकाच गाडीतून गेलो. ह्यांच्याकडे मॅचची दोन तिकिटं होती. मला मोर्चापाशी उतरवून "जपून गं, पाचला इथंच थांब" म्हणाले आणि बापलेक मैदानात गेले. थालिपिठांचे डबे मी दोन केले होते.

रणजित, तू चौदा वर्षांचा होतास, शाळेच्या संघात खेळत होतास. पोलिसांनी मला धरल्याचा फोटो पेपरात आला आणि पोरांनी तुला पास देणं बंद केलं. घरी येऊन तू म्हणालास, "इट्स जस्ट अ गेम, मम." मी तुझ्या थोबाडीत मारली. त्यानंतर तू रग्बीचे बूट घातले नाहीस, आणि सव्वीस वर्षं आपण त्यावर चकार शब्द काढला नाही.

ज्या देशात आपल्या रंगाच्या माणसाला बाक वेगळा, शाळा वेगळी, समुद्रकिनारासुद्धा वेगळा, त्या देशाच्या संघाशी खेळायचं म्हणजे ते सगळं चालवून घ्यायचं, असं मला वाटत होतं. आजही वाटतं. पण हे तुला समजावून सांगायला हवं होतं. ते सोडून मारलं. न्याय हवा म्हणून रस्त्यावर घसा कोरडा केला आणि घरात पोटच्या पोराचं ऐकून घेतलं नाही. चुकले रे. तुझा खेळ सुटला, त्याचं मला फार वाईट वाटतं.

५. वाटेकऱ्याला साक्षीदार होता येत नाही, असा इथला कायदा. मला तुलाच साक्षीदार करायचं होतं, म्हणून तुला वगळलं. मृत्युपत्र माणूस गेल्यावर वाचतात. तू हे मी असताना वाचावंस, एवढीच माझी इच्छा आहे. वाचल्याशिवाय सही करू नकोस. सही करावीशी वाटली नाही तरी चालेल, पण जेवून जा.

सही: सुरेखा काशिनाथ आगटे
हेन्डरसन, १४ ऑक्टोबर २००७

पहिला साक्षीदार: प्रमोद साठ्ये, शेजारी.

दुसरा साक्षीदार: रणजित काशिनाथ आगटे. मराठी सावकाश वाचतो, तरी दोनदा वाचलं. आईशेजारी बसून सही केली.