मी गप्प बसले त्या मिनिटाबाबत

शनिवार, दिनांक १२ एप्रिल २०२५, सायंकाळी सात वाजून वीस मिनिटांनी, भरलेल्या चित्रपटगृहात, पडद्यावर माझ्याकडून एक खोटे वदवून घेण्यात आले. तेही मी तोंडातून एक शब्द न काढता. म्हणून हे मृत्युपत्र. एरवी मरायची मला काही घाई नव्हती.

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, न्यायालयातील निवृत्त लघुलेखिका, लिहून ठेवते की माझे डोके ठिकाणावर आहे, डॉक्टरांनी ते तपासले आहे, आणि हे लिहायला मला कोणी भाग पाडलेले नाही. उलट जो तो ‘जाऊ द्या हो’ म्हणतो आहे.

वारस दोन. एक माझा मुलगा, गायक. दुसरा माझ्या बहिणीचा मुलगा. बहीण गेल्यावर तो माझ्याच घरी वाढला. दिसेल त्या डब्यावर ठोके धरायचा म्हणून त्याचे नाव ठोक्या पडले, पुढे तो ड्रमच वाजवू लागला. दोघांनी आणखी दोन मित्र घेऊन रॉक बँड काढला आणि वीस वर्षे चालवला. मग मुलाने एकट्याने गायचे ठरवले आणि बाकी तिघांना ते एका मेसेजवर कळवले. त्या संध्याकाळी ठोक्या माझ्या स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा राहिला.

“मावशी, तुला माहीत होतं?”

“काय माहीत होतं?” मी विचारले. मला खरोखर काहीही माहीत नव्हते. त्याने माझ्या तोंडाकडे पाहिले, खुर्ची ओढली आणि जेवायला बसला. त्याने विश्वास ठेवला होता. बँड मोडला तरी रविवारी तो माझ्याकडे येत राहिला. मुलगा घरी नसेल अशी वेळ साधून, पण येत राहिला.

मुलाच्या या एकट्याच्या वाटचालीवर आता माहितीपट निघाला आहे. त्याचे चित्रण माझ्या बैठकीच्या खोलीतही झाले. कानाला हेडफोन लावलेल्या ध्वनिमुद्रकाने माझे भिंतीवरचे घड्याळ उतरवून न्हाणीघरात ठेवले, फ्रिज बंद केला. मुलाखत संपल्यावर तो म्हणाला, “आता एक मिनिट सगळ्यांनी गप्प बसा, खोलीचा आवाज घ्यायचाय.” रिकाम्या खोलीलाही आवाज असतो म्हणे, आणि तो नंतर बोलण्याच्या फटींत भरतात. मी कॉन्व्हेंटमधली. गप्प बसा म्हटले की पाठ ताठ, हात मांडीवर, नजर खाली. सिस्टर पट्टी घेऊन बाकांमधून फिरायच्या, ती सवय हाडात गेली आहे. मिनिट संपल्यावर मी विचारले, “झालं? आता श्वास घेतला तर चालेल?” सगळे हसले.

सिनेमात ते हसणे नाही. सिनेमात दिग्दर्शिकेचा आवाज विचारतो, “मुलगा बँड सोडणार हे तुम्हाला आधीच माहीत होतं ना? मग भाच्याला का नाही सांगितलंत?” हा प्रश्न मला कधीही विचारला गेला नव्हता. त्यापुढे मी: हात मांडीवर, नजर खाली, गप्प. आयुष्यभर मी कोर्टात टंकत आले, ‘साक्षीदाराने प्रश्नास उत्तर दिले नाही.’ त्या ओळीने माणसाचे काय होते ते मला कुणी शिकवू नये.

ठोक्याला त्या खेळाला मीच बळेबळे नेले होते. दिवे लागले तेव्हा माझ्या शेजारची खुर्ची रिकामी होती.

कलम पहिले, घर. घर दोघांचे, निम्मे निम्मे. लहानपणी सफरचंद कापले तरी मी सुरी मधोमध धरायची. मात्र मागची खोली, जिच्या भिंतींना जुन्या गाद्या ठोकून हे चौघे सराव करायचे आणि शेजारी माझ्याशी भांडायचे, ती एकट्या ठोक्याची. तिला मागून वेगळे दार आहे. मुलाने त्याला कुलूप लावू नये.

कलम दुसरे, बँकेतली शिल्लक. दोघांना सारखी. यावर अधिक बोलण्यासारखे काही नाही, आणि तेवढी शिल्लकही नाही.

कलम तिसरे, टंकलेखन यंत्र. मुलाला. त्याची पहिली गाणी मी यावर टंकून दिली होती. आता त्याने यावर एकच वाक्य टंकावे: ‘आईला मी सांगितले नव्हते.’ हे त्याने आत्ताच म्हणावे म्हणून मी त्याला फोन केला.

“आई, अगं लोक नेमक्या त्याच सीनला रडतात.”

“मी कुणाला रडवायला बसले नव्हते. खोलीचा आवाज द्यायला बसले होते.”

“मी सांगितलं तर तो म्हणेल, आईला वाचवतोय. आणि माझा फोन तो उचलतो कुठे?”

यात तो खोटे बोलला नाही, हेच वाईट.

कलम चौथे, खुर्ची. ज्या खुर्चीत मी बसले ती दिग्दर्शिकेला. तिच्या कचेरीत मी दोनदा जाऊन आले. “आंटी, तुमचं ते मौन किती बोलतं!” ती म्हणाली. “बोलतं ना, पण खोटं बोलतं,” मी म्हटले. तिने मला पाणी दिले, माझा हात हातात घेतला, आणि सिनेमा आता ‘लॉक’ झाला आहे, म्हणजे त्यात काही बदलता येणार नाही, असे सांगितले. मी सही केलेला कागदही दाखवला. ‘चित्रित साहित्य कोणत्याही क्रमाने वापरता येईल.’ ते मी वाचूनच सही केली होती. क्रम म्हणजे आधीचे नंतर, एवढेच मला वाटले. न विचारलेल्या प्रश्नाला माझे गप्प बसणे चिकटवतील, हे माझ्या बुद्धीच्या पलीकडचे होते. खुर्चीत तिने बसावे, आणि कुणीतरी तिला काहीतरी विचारून निघून जावे.

कलम पाचवे, घड्याळ. ध्वनिमुद्रकाला. त्याने फोनवर कबूल केले, “मावशी, तो खोलीचाच आवाज आहे, शंभर टक्के. पण माझं नाव नका घेऊ, कामं बंद होतील.” या कागदावर साक्षीदार म्हणून सही करशील का विचारले, तर तोही गप्प बसला. त्याचे नाव मी घेतलेले नाही.

कलम सहावे, माझ्यानंतर. कोणीही उभे राहून दोन मिनिटे मौन पाळू नये. कॅमेरा आत येऊ नये. ज्याला जे बोलायचे ते त्याने मोठ्याने बोलावे, शिव्या दिल्या तरी चालेल. ठोक्याची इच्छा असल्यास त्याने मागच्या खोलीत ड्रम वाजवावेत, खिडक्या उघड्या ठेवून. शेजाऱ्यांनी तक्रार केल्यास मी आता ऐकायला नाही असे कळवावे.

ठोक्याच्या घरीही मी गेले होते, हे नोंदवून ठेवते. त्याने दार उघडले, नीट बसवले, पंखा लावला.

“मला माहीत नव्हतं रे,” मी म्हटले.

“बरं, मावशी.”

“बरं काय? तेव्हा ते खोलीचा आवाज घेत होते. तुम्ही रेकॉर्डिंगला घेता तसाच.”

“असेलही.” मग पंखा आणखी वाढवून तो म्हणाला, “पण मावशी, तू आत्ताही खालीच बघतेयस.”

मी पाहिले. हात मांडीवर होते.

यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. यानंतर केले तर ते एकाच कारणासाठी करीन, आणि त्यात हे सगळे खोडीन.

सही: गायकाची आई, ठोक्याची मावशी

साक्षीदार: १. तळमजल्यावरची औषधविक्रेती. २. माझे डॉक्टर. दोघांनाही यात काही ठेवलेले नाही, म्हणूनच ते चालतात. औषधविक्रेतीने सही करताना ‘कशाला एवढं मनावर घेता?’ असे विचारले. तिला मी उत्तर दिले.

ठिकाण: माझे जेवणाचे टेबल. दिनांक: २ जून २०२५

प्रत माहितीसाठी: मुलगा, दिग्दर्शिका.

प्रत उत्तरासाठी: ठोक्या. मागची खोली स्वीकारतोस की नाही, आणि मी त्या संध्याकाळी स्वयंपाकघरात खरे बोलले होते असे मानतोस की नाही, हे सोमवार, दिनांक ३० जून २०२५, सायंकाळी पाच वाजण्यापूर्वी लेखी कळवावे. नाही असेल तर नाही लिही. तुझे गप्प बसणे मी उत्तर धरणार नाही.